तालुका कोर्टातल्या वकिलाने संगणक नेमका कशासाठी वापरावा?

यवतमाळ जिल्ह्यातल्या एका तालुक्याला वकिली करणाऱ्या ताईंचा प्रश्न थोडक्यात असा आहे. त्यांच्या सिनिअर वकील साहेबांनी काम थांबवलं आणि कार्यालय, मुन्शी (वकिलाचा कारकून) आणि फायलींनी भरलेल्या आलमाऱ्या ताईंकडे आल्या. चालू प्रकरणांत दिवाणी दावे आहेत, फौजदारी आहेत, भूसंपादन, चेकच्या केसेस आणि थोडी तहसीलची कामं आहेत. एका कंपनीचा माणूस येऊन ‘केस मॅनेजमेंट’चं सॉफ्टवेअर दाखवून गेला. पैसे दरवर्षी भरायचे आणि सगळा डेटा इंटरनेटवर. ते घ्यावं का, सुरुवात कुठून करावी, आणि सगळं स्कॅन झालं की कागद काढून टाकता येतील का, असं त्यांनी विचारलं आहे.

ताई, सॉफ्टवेअर आत्ता घेऊ नका. पुढची पेशी (सुनावणीची तारीख), प्रकरणाचा टप्पा, बोर्ड (त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी), झालेला आदेश हे दाखवण्यासाठीच त्यातले बरेचसे पैसे जातात, आणि हे सगळं कोर्ट तुम्हाला फुकट देतं. कुठल्याही पोर्टलवर सापडणार नाहीत अशा दोन गोष्टी तुमच्या कार्यालयात आहेत. धावत्या मुदती ही एक, आणि पक्षकाराने विश्वासाने हातात दिलेले अस्सल कागद ही दुसरी. पेशी चुकली तर अर्ज देऊन सावरता येतं. मुदत गेली किंवा अस्सल रजिस्ट्री (नोंदणीकृत खरेदीखत) हरवली तर शेतकऱ्याचं वावर जातं. म्हणून संगणकावरची पहिली मेहनत या दोन गोष्टींवर करा.

तरी सुरुवात फुकट मिळणाऱ्या गोष्टीने करू, कारण ते काम लवकर उरकतं. ई-कोर्ट्स प्रकल्प २००७ साली सुरू झाला. २०२३ मध्ये केंद्र सरकारने तिसऱ्या टप्प्याला ७,२१० कोटी रुपये मंजूर केले आणि त्यातले २,०३८ कोटींहून जास्त फक्त जुनं रेकॉर्ड स्कॅन करून जपण्यासाठी आहेत. म्हणजे कोर्टाचं रेकॉर्ड कोर्ट स्कॅन करणारच आहे. निकाली प्रकरणांचे ढीग स्वतः स्कॅन करत बसण्यात तुमचं वर्ष घालवू नका.

तालुका कोर्टात दावा दाखल झाला की तो एनआयसीच्या (राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राच्या) पुणे कार्यालयाने बनवलेल्या सीआयएस या प्रकरणांची नोंद ठेवणाऱ्या प्रणालीत चढतो आणि त्याला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक मिळतो. पहिली दोन अक्षरं राज्याची, पुढची दोन जिल्ह्याची, मग दोन अंक त्या कोर्टाचे, सहा अंकी अनुक्रमांक आणि शेवटी वर्ष. ‘नियमित दिवाणी दावा ४५/२०१९’ दारव्ह्यालाही असतो आणि पुसदलाही असतो. सीएनआर मात्र देशभरात एकाच प्रकरणाचा असतो. मुन्शीला सोबत घ्या, चालू प्रकरणांच्या फायली एकेक काढा, सीएनआर शोधा, फायलीच्या कव्हरवर ठळक लिहा आणि ई-कोर्ट्स सर्व्हिसेस ॲपमधल्या ‘माय केसेस’मध्ये टाका.

शोधताना एक अडचण हमखास येईल. कोर्टात नावं बहुतेक इंग्रजी लिपीत चढवलेली असतात आणि एकाच भाऊरावांची स्पेलिंगं तीन कोर्टांत तीन. म्हणून पूर्ण नाव टाकू नका, आडनावाची पहिली तीन-चार अक्षरं आणि वर्ष टाका. सिनिअर साहेबांच्या नावाने शोधा, त्यांच्या सनद क्रमांकानेही (वकिलीच्या नोंदणी क्रमांकाने) शोधा, आणि दोन्ही याद्या ताडून पहा. साहेबांच्या यादीत आहे पण आलमारीत नाही असं एखादं प्रकरण निघालं, तर आधी ते हातात घ्या. त्या पक्षकाराला अजून वाटतंय की आपलं काम वकील साहेब पाहत आहेत.

‘माय केसेस’मधली यादी फोनमध्येच साठते. फोन बिघडला, ॲप काढलं, की यादी गेली. ॲपमध्येच ती फाइल म्हणून बाहेर काढायची सोय आहे. महिन्यातून एकदा ती फाइल काढून संगणकात ठेवा.

आणि कागदी डायरी बंद करू नका. पीठासीन अधिकारी रजेवर असले की तारखा प्रभारी कोर्टात पडतात आणि प्रणालीत त्या कधी संध्याकाळी, कधी दुसऱ्या दिवशी दिसतात. बेलिफाचा अहवाल आला की नाही, साक्षीदाराचं समन्स निघालं की नाही, हे अजूनही मुन्शीने टेबलाजवळ जाऊन पाहिल्याशिवाय कळत नाही. रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीत) काय लिहिलं तेच खरं. संध्याकाळी डायरी, ॲप आणि रोजनाम्याची आठवण एकत्र ताडायची सवय लावा. त्याला वेळ लागत नाही.

शिवाय हे ॲप जिल्हा, तालुका आणि उच्च न्यायालयांपुरतं आहे. तहसीलदार आणि उपविभागीय अधिकाऱ्यांपुढची प्रकरणं, फेरफाराच्या हरकती, जातपडताळणी समिती यातलं त्यात काही दिसणार नाही. ग्राहक आयोगाचं काम १ जानेवारी २०२५ पासून ई-जागृती पोर्टलवर गेलं आहे. आपल्याकडे वकिलाचं अर्धं काम महसुली असतं, त्यामुळे तुमची स्वतःची एक यादी लागणारच.

ती यादी साध्या स्प्रेडशीटमध्ये करा. एक्सेल असेल तर एक्सेल, नसेल तर लिब्रेऑफिस फुकट आहे. चालू प्रकरणांसाठी एक पान आणि मुदतींसाठी वेगळं पान. मुदतीच्या पानावर पक्षकाराचं नाव, काय दाखल करायचं, मुदत कुठल्या दिवसापासून मोजायची, त्या दिवसाचा पुरावा कुठला कागद आहे, शेवटचा दिवस, आपण ठरवलेला दिवस आणि दाखल झाल्याचा दिवस, एवढे रकाने पुरतात. आपण ठरवलेला दिवस शेवटच्या दिवसाच्या निदान आठवडाभर आधीचा ठेवा. आमच्याकडे पावसाळ्यात नाल्याला पूर आला की पक्षकार सहीला येऊ शकत नाही, आणि मुदतीचं गणित त्याच्यासाठी थांबत नाही.

या पानावर तारखा टाइप करताना दोन चुका फार होतात. एक, मराठी आकड्यांत तारीख लिहिली की एक्सेल बहुतेक वेळा तिला तारीख मानत नाही, नुसता मजकूर मानतं. मग ना क्रम लागतो, ना सूत्र चालतं. तारखांच्या रकान्यात इंग्रजी आकडेच टाका, बाकी मजकूर खुशाल मराठीत लिहा. दुसरी चूक जास्त घातक आहे. संगणकाची प्रादेशिक सेटिंग अमेरिकी असेल तर ५ ऑगस्टसाठी टाइप केलेली ०५-०८ ही तारीख संगणक ८ मे समजतो, आणि रकान्यात तारीख नुसत्या आकड्यांत दिसत असेल तर चूक लक्षात येत नाही. दुकानातून आणलेल्या संगणकात अशी सेटिंग सर्रास सापडते. ती भारताची करून घ्या आणि तारखेच्या रकान्यात महिना अक्षरात दिसेल असं ठेवा.

आता सूत्रं. इथे थोडं थांबते व्हा, कारण प्रत्येक मुदत वेगळ्या तऱ्हेने मोजली जाते आणि सगळीकडे ‘अधिक ३०’ लिहिलं की घात होतो.

चेकची केस घ्या. चेक परत आल्याची माहिती बँकेकडून मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस पोचल्यापासून १५ दिवस पैसे द्यायला, आणि ते १५ दिवस संपले की वादकारण घडून तिथून एक महिन्यात फिर्याद. पहिले दोन टप्पे दिवसांचे आहेत, तिसरा महिन्याचा, आणि जनरल क्लॉजेस ॲक्टप्रमाणे महिना म्हणजे कॅलेंडरचा महिना. समजा २०२६ मध्ये नोटीस १४ जानेवारीला पोचली. १५ दिवस २९ जानेवारीला संपले, वादकारण ३० जानेवारीला घडलं. तो दिवस वगळून महिना मोजला तर मुदत २८ फेब्रुवारीला संपते. ‘अधिक ३०’ हे सूत्र मात्र १ मार्च दाखवेल. उशीर माफ करून घ्यायची सोय कायद्यात आहे, पण त्यासाठी कारण सांगत बसावं लागतं आणि आरोपीच्या वकिलाला एक मुद्दा आयता मिळतो. या रकान्यासाठी ‘ईडेट’ (EDATE) नावाचं सूत्र आहे, ते महिने मोजतं. तेच वापरा.

जामिनाचं गणित उलटं आहे. दोषारोपपत्र ६० किंवा ९० दिवसांत आलं नाही तर आरोपीला मिळणारा जामीन आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८७(३) मध्ये आहे. मुदत कायद्यात पहिला दिवस वगळतात, पण इथे रिमांडचा पहिला दिवस धरायचा, असं सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये स्पष्ट केलं. म्हणजे पहिल्या रिमांडच्या तारखेत ५९ मिळवले की साठावा दिवस. दोषारोपपत्र आलं नसेल तर त्याच्या दुसऱ्याच दिवशी सकाळी अर्ज तयार हवा. दुपारी दोषारोपपत्र येऊन पडलं तर गरीब माणसाचा हक्क जातो. अशा आरोपींची नावं पानावर सगळ्यांत वर, वेगळ्या रंगात ठेवा.

भूसंपादनात मुदत कागदापेक्षा लिफाफ्यावर जास्त ठरते. नागपूर-तुळजापूर राष्ट्रीय महामार्गाने वर्धा आणि यवतमाळ जिल्ह्यांतली कितीतरी वावरं घेतली. अशा प्रकरणांत मोबदला कमी वाटला तर आधी लवाद, आणि लवादाच्या निवाड्याविरुद्ध जिल्हा न्यायालयात लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली अर्ज. त्याला निवाड्याची सही केलेली प्रत मिळाल्यापासून तीन महिने, पुढे योग्य कारण असेल तर आणखी ३० दिवस, आणि त्यानंतर कोर्टाला इच्छा असली तरी एक दिवसही वाढवून देता येत नाही. हे २००१ पासून ठरलेलं आहे. आता शेतकऱ्याला प्रत कधी मिळाली हे कशावरून दाखवाल? टपालाच्या शिक्क्यावरून. तो लिफाफा घरी चुलीत जातो नाहीतर पोराच्या दप्तरात. म्हणून पक्षकार निवाडा घेऊन आला की पहिला प्रश्न ‘पाकीट कुठे आहे?’ हाच असला पाहिजे. पाकिटाच्या दोन्ही बाजू स्कॅन करा, टपाल खात्याच्या संकेतस्थळावरची ट्रॅकिंगची नोंद त्याच दिवशी पीडीएफ करून ठेवा, कारण ती तिथे कायम राहत नाही, आणि मुदतीच्या पानावर ‘पुरावा’ या रकान्यात त्या फाइलचं नाव लिहा.

अपिलाचंही तसंच. जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस, आणि नक्कल मिळायला लागलेला वेळ वगळायचा. तो वेळ नकलेवरच लिहिलेला असतो. अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली, कधी दिली, या तारखा बहुतेक वेळा शेवटच्या पानामागच्या शिक्क्यात असतात. मुन्शी पुढच्या बाजू स्कॅन करतो आणि नेमकं ते पान सुटतं. कोऱ्या दिसणाऱ्या पाठीही स्कॅन करायच्या, असा कार्यालयाचा नियमच करून टाका.

आता अस्सल कागद. यासाठी संगणकाच्या आधी बांधीव रजिस्टर आणा. पक्षकार अस्सल कागद देतो त्या दिवशी नोंद, कागदाचं वर्णन, पानं किती, कुठल्या फायलीत ठेवला, त्याची सही किंवा अंगठा, आणि परत नेला त्या दिवशी पुन्हा सही. हीच नोंद स्प्रेडशीटच्या तिसऱ्या पानावर उतरवा म्हणजे शोधता येईल. कागद कोर्टात दाखल केला असेल तर फेरिस्तचा (दाखल कागदांच्या यादीचा) क्रमांक आणि निशाणी (कोर्टाने कागदाला दिलेला क्रमांक) त्यात घाला. निकाल लागून अपिलाची मुदत संपली की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १३ नियम ९ खाली अर्ज करून अस्सल परत काढता येतात. विचारायला कोणी येत नाही म्हणून कित्येक विक्रीपत्रं रेकॉर्डरूममध्ये पडून राहतात, आणि पुढे पोराला कर्ज काढायची वेळ आली की घरात शोधाशोध सुरू होते.

स्कॅनिंग नव्या कागदांपासून सुरू करा. आज जे येईल ते आज स्कॅन. मग चालू प्रकरणं, पुढच्या पेशीच्या क्रमाने. जुन्या आलमाऱ्या सगळ्यांत शेवटी, आणि त्यातलेही फक्त पुन्हा न मिळणारे कागद.

पुन्हा न मिळणारे म्हणजे काय ते आपल्या भागातल्या उदाहरणाने सांगतो. सातबारा आणि ८अ आज महाभूमीच्या संकेतस्थळावरून डिजिटल सहीचे मिळतात, ते जपून ठेवण्यात अर्थ नाही, उलट दाखल करताना ताजाच काढावा. पण कोतवाल बुकाची (गावच्या जन्म-मृत्यूच्या नोंदवहीची) जुनी नक्कल, मालगुजारीच्या काळातला हक्काचा कागद, निस्तार पत्रक (गावाच्या सामाईक हक्कांची नोंद), साठ वर्षांपूर्वीचं हाताने लिहिलेलं वाटणीपत्र, यांची किंमत वेगळी आहे. जातपडताळणीत अनुसूचित जमातीसाठी १९५० च्या आधीची नोंद लागते, इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ च्या आधीची. एका कुटुंबाच्या तीन पिढ्यांची शिक्षणं आणि नोकऱ्या त्या एका पानावर उभ्या असतात.

असा कागद हातात आला की घाई करू नका. घडीवर तो चिरलेला असतो. आपोआप कागद ओढणाऱ्या स्कॅनरमध्ये तो घालायचाच नाही, सपाट काचेवर पालथा ठेवायचा. रंगीत आणि ३०० डीपीआय. ‘ब्लॅक अँड व्हाइट’ पर्याय निवडला की जांभळा शिक्का आणि पेन्सिलीची खूण उडून जाते, आणि वाद नेमका त्या खुणेवरच असतो. फोनने काढणार असाल तर ॲप स्वतःहून कागद ‘उजळ’ करतं, तो फिल्टर बंद करा. पिवळा पडलेला कागद पिवळाच दिसला पाहिजे. टाचणी काढायची, गंजलेली स्टेपल हलक्या हाताने काढायची, आणि कोणी कितीही आग्रह केला तरी लॅमिनेशन करायचं नाही. कागदाचं वय आणि शाई तपासायची वेळ आली तर त्या प्लॅस्टिकमधून काही तपासता येत नाही. नंतर तो आम्लरहित पाकिटात, किंवा तेही नसेल तर स्वच्छ कोऱ्या कागदात गुंडाळून, वाळवी लागणार नाही अशा लोखंडी आलमारीत ठेवा. दीर्घकाळ जपायच्या फाइलींसाठी पीडीएफ/ए हा प्रकार आहे, लिब्रेऑफिसमधून पीडीएफ काढताना तो पर्याय मिळतो.

फाइलींची नावं ठरवा आणि मग कधीही बदलू नका. प्रत्येक प्रकरणाचा एक फोल्डर, त्याच्या नावात वर्ष, प्रकार, क्रमांक, आडनाव. आतल्या फाइलीच्या नावात तारीख आधी, तीही वर्ष-महिना-दिवस या क्रमाने, मग कागदाचं नाव, जसं ‘२०२४-०३-०५ लेखी जबाब’. आकडे इथेही इंग्रजीच. असं केलं की फोल्डर उघडल्यावर प्रकरणाचा इतिहास आपोआप क्रमाने दिसतो. ‘नवीन’, ‘फायनल’, ‘फायनल २’ अशी नावं बंद करा.

सिनिअर साहेबांच्या जुन्या संगणकात मराठी मसुदे असतील, ते बहुधा कृतीदेव, शिवाजी किंवा श्रीलिपीत असतील. त्या फॉन्टच्या फाइली दुसऱ्या संगणकावर उघडल्या की अगम्य इंग्रजी अक्षरं दिसतात, आणि त्यात काही शोधता येत नाही. टायपिस्टला त्याची सवय असते, त्याला दोष देऊ नका, पण यापुढचं सगळं युनिकोडमध्ये. जुने उपयोगी मसुदे रूपांतर करून घ्या आणि प्रत्येक ओळ वाचून पहा. जोडाक्षरं आणि रफार रूपांतरात बिघडतात. ‘ताबा’ आणि ‘तबा’ एकवेळ लक्षात येतं, पण गट क्रमांकातला बिघडलेला आकडा डोळ्यांतून सुटतो. छापील मराठी पानांवरचा मजकूर ओळखून शोधण्याजोगा करणारी साधनं आता बरीच चांगली झाली आहेत. हाताने लिहिलेल्या जुन्या फेरफाराच्या किंवा मोडीच्या बाबतीत मात्र त्यांच्यावर विसंबू नका.

इलेक्ट्रॉनिक पुराव्याबद्दल तुम्ही विचारलं नाही, पण तेही तुमच्या संगणकाचंच काम आहे. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियम लागू झाला. जुन्या साक्ष कायद्यातल्या कलम ६५ब ची जागा आता कलम ६३ ने घेतली आहे आणि इलेक्ट्रॉनिक प्रतीसोबत द्यायच्या प्रमाणपत्राचा नमुना अनुसूचीत दिला आहे. भाग अ देणाऱ्याने भरायचा, भाग ब तज्ज्ञाने, आणि त्यात फाइलीचं हॅश मूल्य लिहायचं. प्रमाणपत्राशिवाय प्रत चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १४ जुलै २०२० ला मराठवाड्यातल्या जालन्याच्या निवडणूक याचिकेतच, खोतकर विरुद्ध गोरंट्याल प्रकरणात, सांगून ठेवलं होतं. मूळ उपकरणच मालकाने साक्षीला येऊन हजर केलं तर प्रमाणपत्राची गरज नाही, हेही त्याच निकालात आहे.

हॅश म्हणजे फाइलीतल्या प्रत्येक बिटवरून काढलेला आकडा. एसएचए-२५६ पद्धतीने तो ६४ अक्षर-अंकांचा येतो, आणि फाइलीत इवलासा बदल झाला तरी पूर्ण वेगळा येतो. विंडोजमध्ये त्यासाठी ‘सर्टयुटिल’ (certutil) ही आज्ञा आधीपासून असते, काही विकत घ्यावं लागत नाही. अडचण येते ती आधी. धुरा (शेताचा बांध) कोरल्याच्या वादात शेतकऱ्याचा पोरगा ट्रॅक्टरचा व्हिडिओ काढतो, तो व्हॉट्सॲपवर काकाला पाठवतो, काका मला पाठवतो. व्हॉट्सॲपने तो दाबून लहान केलेला असतो, चित्रणाची तारीख आणि जागा निघून गेलेली असते, आणि मूळ फोनमधून पोराने जागा व्हावी म्हणून व्हिडिओ पुसलेला असतो. मग हॅश काढायचा कशाचा? म्हणून पक्षकाराला पहिल्याच भेटीत सांगा की मूळ व्हिडिओ पुसायचा नाही, फोन बदलायचा नाही, विकायचा तर मुळीच नाही. कार्यालयात फोन केबलने जोडून फाइल उतरवा, लगेच हॅश काढा, त्याचा प्रिंट फायलीत लावा, आणि पाहण्यासाठी मूळ फाइल न उघडता तिची वेगळी प्रत वापरा. लांबून पाठवायचीच असेल तर व्हॉट्सॲपवर ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायला सांगा, तसं पाठवलं की ती दाबली जात नाही.

गुप्ततेबद्दल मी कडक आहे. वकील-पक्षकारातलं बोलणं साक्ष अधिनियमाच्या कलम १३२ ने संरक्षित आहे, पण मुन्शीच्या फोनमधल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकलेला कागद संरक्षित राहत नाही. पोक्सो (बालकांच्या लैंगिक शोषणाविरुद्धचा कायदा) आणि लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणांत फोल्डरच्या किंवा फाइलीच्या नावात पीडितेचं नाव, गाव, शाळा काहीही येता कामा नये, फक्त क्रमांक. ओळख उघड करणं हा गुन्हा आहे, आणि तालुक्याच्या गावात आडनाव आणि गाव एवढ्यावरून पोरगी ओळखता येते. त्या फायलींना वेगळा पासवर्ड. झेरॉक्सच्या दुकानात पेनड्राइव्ह न्यायचा असेल तर त्यात त्या एका कामाचीच फाइल असावी, आणि तिथल्या संगणकावर आपला मेल उघडा ठेवून येऊ नये.

ई-फायलिंगचं एवढंच सांगतो. सनद क्रमांकाने खातं काढून ठेवा, आधारवरची ई-सही किंवा डिजिटल सही चालते, आणि नेट नसेल तर कोर्टातल्या ई-सेवा केंद्रात ही कामं होतात. या बाबतीत विदर्भ मागे आहे असं समजू नका. देशातलं पहिलं ई-रिसोर्स सेंटर, ‘न्याय कौशल’, ३१ ऑक्टोबर २०२० ला नागपुरात सुरू झालं आणि त्याच दिवशी काटोलला वाहतूक चलानांचं आभासी न्यायालय.

निवाडे शोधायला सर्वोच्च न्यायालयाचं ई-एससीआर जानेवारी २०२३ पासून सगळ्यांना मोफत आहे. कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साधनाने एखादा निवाडा सुचवला तर तो तिथे उघडून स्वतः वाचल्याशिवाय युक्तिवादात घेऊ नका. ही साधनं नसलेले निवाडे खऱ्यासारखे लिहून देतात. न्यूयॉर्कमध्ये २०२३ साली अशा बनावट निवाड्यांवरून वकिलांना ५,००० डॉलर दंड झाला आहे.

बॅकअप. आपल्याकडचा उन्हाळा ४५ अंशांच्या वर जातो, मृगाच्या आधीच्या विजा वेगळ्या, आणि लाइट जाणं-येणं रोजचं. यूपीएस घ्या, आणि वीज चमकू लागली की प्लग काढा, नुसतं बटण बंद करून भागत नाही. प्रत्येक फाइलीच्या तीन प्रती असाव्यात, दोन वेगळ्या साधनांवर, आणि त्यातली एक कार्यालयाबाहेर. कार्यालयाचा संगणक, आठवड्याला जोडून लगेच काढून ठेवायची बाहेरची हार्ड डिस्क, आणि घरी तशीच दुसरी किंवा पासवर्ड लावून क्लाउडवर. डिस्क कायम जोडलेली ठेवली तर खंडणीखोर व्हायरस तीही कुलूपबंद करतो. आणि महिन्यातून एखादी फाइल बॅकअपमधून परत उघडून पहा.

हे सगळं सहा-आठ महिने नीट चाललं, मुन्शीच्या हातात बसलं, आणि तरीही दोन-तीन ज्युनिअर एकाच वेळी काम करताना स्प्रेडशीट अपुरी वाटू लागली, तर सॉफ्टवेअरचा विचार करा. तेव्हा विकायला आलेल्या माणसाला विचारायचं ते असं. नेट नसताना चालतं का? मराठी युनिकोडमध्ये शोध लागतो का? पैसे भरणं थांबवलं तर माझी सगळी माहिती मला एक्सेल आणि पीडीएफमध्ये परत मिळते का, आणि ती आत्ता माझ्यासमोर काढून दाखवता का? तिसऱ्या प्रश्नाला टाळाटाळ झाली तर चहा पाजून निरोप द्या.

राहिला कागद काढून टाकायचा प्रश्न. अस्सल कागद आणि प्रमाणित नकला कधीच टाकायच्या नाहीत, त्या पक्षकाराच्या आहेत, त्यालाच परत करायच्या. तुमच्या झेरॉक्स प्रती, टंकलिखित मसुदे, जुने बोर्ड यांचा अपिलाचा आणि दरखास्तीचा (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा) काळ संपल्यावर विचार करता येईल. हुकूमनाम्याच्या दरखास्तीला साधारण १२ वर्षं असतात, कायमच्या मनाईला तर मुदतच नाही, तेव्हा दिवाणी फायलींच्या बाबतीत हात आखडता ठेवा. निकाली प्रकरणांच्या पक्षकारांना गावच्या बाजाराच्या दिवशी बोलावून घ्या, रजिस्टरवर सही घेऊन एकेकाचा कागद परत करा. सिनिअर साहेबांची तब्येत ठीक असेल तर त्या दिवशी त्यांनाही कार्यालयात बसवा. कुठला कागद कुणाचा आणि कुठल्या भावाच्या हाती द्यायचा, हे आज फक्त त्यांनाच ठाऊक आहे. ते सांगतील ते तिसऱ्या पानावर शेरा म्हणून लिहून घ्या.